अंबर नावाचा मालक

इ.स. 629. तांबड्या समुद्राचा किनारा

तोंडातली खजुराची बी आता पार गुळगुळीत झाली आहे. माणशी दिवसाला एकच खजूर मिळतो. तो तान्ह्या मुलासारखा चोखायचा, वरून पाणी प्यायचं आणि रात्रीपर्यंत तग धरायचा. मदिनेहून निघालेल्या तीनशे जणांच्या तुकडीत तुम्ही आहात. अबू उबैदा तुमचे सेनानी. शिधा संपत आलाय, ज्या तांड्याची वाट पाहायची तो दिसत नाही, आणि काही जण काठीनं झाडाचा पाला झोडपून, पाण्यात भिजवून खाऊ लागलेत. पुढं या मोहिमेला ‘पाल्याची फौज’ असंच नाव पडणार आहे.

मग किनाऱ्यावर टेकाडासारखं काहीतरी दिसतं. जवळ जाता तर मासा! एवढा मोठा, की त्याच्या डोळ्याच्या खोबणीत तेरा माणसं बसतात. त्याची बरगडी उभी रोवतात आणि तिच्याखालून उंट आरामात निघून जातो. पुढचे कितीतरी दिवस तुम्ही सगळे त्याच्या मांसावर आणि चरबीवर जगता, अंगावर पुन्हा मांस चढतं. या माशाला काय म्हणायचं, असं तुम्ही शेजाऱ्याला विचारता. तोंडातला घास न थांबवता तो म्हणतो, ‘अंबर.’

हदीसच्या संग्रहांत ही हकीकत नोंदली गेली आहे. तुम्ही मात्र तिच्यातला एकच शब्द बरोबर घ्या. आज तो एका जनावराचं नाव आहे. पुढच्या मुक्कामावर तो एका वस्तूचं नाव होईल आणि त्यानंतर माणसाचं.

दहावं शतक. शिहर, दक्षिण अरबस्तान

चांदण्या रात्री तुम्ही सांडणीवर बसून पाण्याच्या कडेकडेनं चालला आहात. सांडणी महरी जातीची, सडपातळ आणि तिखट नाकाची. तिला दिशा दाखवायची गरज नाही. मध्येच ती थबकते आणि गुडघे टेकून खाली बसते. तुम्ही उतरता. तिच्या पायाशी वाळूत राखी रंगाचा, मेणचट, हलका गोळा पडलेला असतो: अंबर. मसूदीसारख्या त्या काळच्या लेखकांनी शिहरच्या या शिकवलेल्या उंटांबद्दल लिहून ठेवलंय.

गोळा नाकाशी धरा. आधी समुद्र येतो, मग ओली माती, मग जुन्या लाकडाचा गोडसर वास. तुमच्याबरोबरचा माणूस सांगतो की हा समुद्राच्या तळाशी अळंबीसारखा उगवतो आणि वादळात सुटून वर येतो. खरा प्रकार इतका देखणा नाही. स्पर्म व्हेल माकूळ खातो. माकुळाच्या कठीण चोची त्याला पचत नाहीत, त्या आतड्याला टोचतात, आणि त्यांच्याभोवती हा पदार्थ साठत जातो. बाहेर पडतो तेव्हा तो काळा आणि दुर्गंधी असतो. खारं पाणी आणि ऊन खात वर्षानुवर्षं तरंगला, की राखी होतो आणि दरवळू लागतो. कोकणातल्या बातम्यांत ‘व्हेल माशाची उलटी’ पकडल्याचं आपण वाचतो, ती हीच. आपल्याकडे तिचा व्यापार वन्यजीव संरक्षण कायद्यानं बंद आहे.

तुमच्या काळात, म्हणजे दहाव्या शतकात, तो जोरात चालू आहे. शिहरचा अंबर बगदादला जाणार, कस्तुरीबरोबर तेलात घोटला जाणार आणि खलिफांच्या दाढीला लागणार. श्रीमंताच्या घरात ज्या गोष्टी कुलपात राहतात, त्यांत अंबर आहे. हे कुलूप ध्यानात ठेवा.

इ.स. 925च्या सुमारास. बगदाद

तुम्ही चटईवर बसला आहात, हातात बोरू. समोर नव्वदीकडे झुकलेले इब्न दुरैद. हे बसऱ्याचे कोशकार. अरबी माणसांच्या आणि टोळ्यांच्या नावांची मुळं सांगणारा त्यांचा ग्रंथ पुढच्या हजार वर्षांत अभ्यासक चाळत राहणार आहेत.

आजचा विषय एका जुन्या कोड्याचा आहे. अरब आपल्या पोटच्या मुलांना असली ओबडधोबड नावं का ठेवतात? सख्र म्हणजे खडक. कल्ब म्हणजे कुत्रा. मुर्रा म्हणजे कडू. हंझला म्हणजे तर चक्क कवंडळ. तुमच्या डोक्यात लगेच आपले दगडू, धोंडू आणि केरबा येतील. पण आपल्याकडे ती नावं दृष्ट लागू नये म्हणून, मृत्यूनं पोराकडे ढुंकूनही पाहू नये म्हणून. अरबांचं कारण निराळं. परंपरेनं आलेलं उत्तर इब्न दुरैद सांगतात: मुलांची नावं आम्ही शत्रूंसाठी ठेवतो, आणि गुलामांची स्वतःसाठी.

रणात शत्रूच्या कानावर ‘खडक आला, कुत्रा आला’ असं पडलं पाहिजे. घरात हाक मारताना मात्र आपल्या जिभेवर गोड शब्द यावा. म्हणून गुलामांना याकूत म्हणजे माणिक, लुलू म्हणजे मोती, जौहर म्हणजे रत्न, रैहान म्हणजे सब्जा, काफूर म्हणजे कापूर आणि अंबर अशी नावं. कुलपातल्या वस्तूंची यादी मालकानं माणसांवर चिकटवली.

चटईवर जरा डोळे मिटून विचार करा. अरबी नाव एकटं कधी नसतं. अमुक इब्न अमुक इब्न अमुक, म्हणजे बाप, आजा, पणजा, टोळी. नाव उच्चारलं की सारी वंशावळ हजर होते. अंबरच्या पुढं ‘इब्न’ नाही. त्याचा बाप कुठल्या तरी डोंगरात मागं राहिलेला असतो. फारच गरज पडली आणि तो मुसलमान झालेला असला, तर कागदावर ‘इब्न अब्दुल्ला’ लिहितात, म्हणजे देवाच्या कुठल्याशा बंद्याचा मुलगा. अबक म्हणावं, तसं.

वर्ग सुटण्याआधी एक उच्चाराची गोष्ट. अरबीत हा शब्द ऐन, नून, बे, रे असा लिहितात. पण ‘ब’च्या आधी आलेला ‘न’ ओठ मिटूनच निघतो, म्हणून ‘अम्बर’. आपला अनुस्वार नेमकं हेच काम करतो. नाव मराठीत आलं तेव्हा त्याला काही तोडमोड करावी लागली नाही. उलट आपल्याकडचं आभाळाचं ‘अंबर’ आधीच कानात बसलेलं असल्यामुळं ते परकं वाटलंच नाही.

इ.स. 962. फुस्तात, इजिप्त

बकरी ईद तोंडावर आहे आणि शहरात एक कुजबुज पसरली आहे: कवी मुतनब्बी पळाला. ज्याच्या पदरी तो काही वर्षं स्तुतीची कवनं रचत होता, त्या काफूरकडून त्याला हवा तसा प्रांत मिळाला नाही. जाताना तो अशी निंदा मागं ठेवून गेलाय, की अरबी शाळांतली मुलं ती आजही पाठ करतात.

काफूरच्या दरबारात तुम्ही एका खांबाआड उभे आहात. हा काळ्या वर्णाचा माणूस गुलाम म्हणून इजिप्तमध्ये आला आणि आता त्याचा खरा धनी आहे. 946पासून तो राजपुत्रांचा पालक म्हणून कारभार पाहतो. 966पासून 968मध्ये मरेपर्यंत तो स्वतःच्या नावानं राज्य करील. काळ्या माणसाला पांढऱ्याशुभ्र कापराचं नाव देण्यातली थट्टा दरबारातल्या प्रत्येकाला कळते. त्याचं दुसरं नाव अबुल मिस्क, म्हणजे कस्तुरीचा बाप. मुतनब्बीनं स्तुती केली तेव्हा याच नावांवर, आणि विष ओकलं तेव्हाही गुलामगिरीवरच बोट ठेवलं.

इथं एक गोष्ट पक्की होते. असल्या नावाचा माणूस सिंहासनावर चढला तरी नाव खाली ओढत राहतं. ऐकणाऱ्याला बाजार आठवतो. तरीही अशी माणसं चढत राहतात. बाराव्या-तेराव्या शतकात याकूत अल-हमवी हा गुलाम म्हणून वाढलेला माणूस देशोदेशींच्या स्थळांचा जाडजूड कोश लिहितो. मोसूलवर लुलू नावाचा मुक्त झालेला गुलाम राज्य करतो. दिल्लीत रझिया सुलताना याकूत नावाच्या हबशी सरदाराला जवळ करते म्हणून अमीर खवळतात. आणि चौदाव्या शतकाच्या आरंभी खंबायतच्या लुटीत सापडलेला एक काफूर अलाउद्दीन खिलजीच्या फौजा घेऊन देवगिरीच्या पायथ्याशी येतो.

कापूर दख्खनमध्ये पोचला. अंबर यायला अजून अडीचशे वर्षं आहेत.

सोळाव्या शतकाचा मध्य. मोखा आणि बगदाद

मोख्याच्या धक्क्यावर कॉफीच्या गोण्यांचा आणि घामाचा वास आहे. समोरच्या हबसाणातून, म्हणजे इथिओपियातून, गलबतं आली आहेत. उतरलेल्या पोरांच्या ओळीतल्या एकापाशी तुम्ही थांबा. त्याचं नाव चापू. वय सांगणारं कुणी नाही. त्याचा सौदा ज्या रकमेत झाला, तिचा आकडा पुढं डच व्यापारी पीटर व्हान देन ब्रुके आपल्या रोजनिशीत 80 गिल्डर असा लिहील. चापू हे नावही आपल्याला त्याच रोजनिशीतून कळतं.

मुलगा हातोहात विकला जातो आणि बगदादच्या मीर कासिम या व्यापाऱ्याकडे येतो. इथं बगदादेत तुम्ही त्या घराच्या ओसरीवर आहात. मीर कासिमच्या लक्षात येतं की पोरगं हुशार आहे. तो त्याला लिहायला-वाचायला शिकवतो, हिशेब शिकवतो, मुसलमान करतो. मग नाव ठेवतो: अंबर.

हा समारंभ नाही. ना घुगऱ्या, ना पाळणा, ना कानात कुर्रर्र करणारी आत्या. वहीत एक ओळ लिहिली जाते आणि चापू संपतो. तरी नाव प्रेमानं ठेवलंय हेही दिसतं. मीर कासिम स्वस्तातला शब्द वापरत नाही. दौलतीचा माणूस जसं घोड्याला सुंदर नाव देतो, तसंच आणि तितकंच हे प्रेम.

इ.स. 1570 नंतर. अहमदनगर

निजामशाहीचा पेशवा चंगीझखान नवे गुलाम घेतोय. तो स्वतः हबशी. त्याच्या पदरी असे हजारभर हबशी आहेत. त्यांच्यात तुम्हाला आपला तरुण दिसेल. दख्खनमध्ये हबशी गुलामाला हत्यार देतात, कामगिरी देतात, आणि धनी मेला की बहुधा तो मोकळा होतो. चंगीझखानाचा खून झाल्यावर त्याच्या विधवेनं अंबरला मुक्त केलं.

आता तो कुणाचाच नाही. मग त्यानं नाव का बदललं नाही, असं तुम्ही त्याला विचारू शकता. तो उत्तर देणार नाही. त्याचं आयुष्य देईल. काही काळ तो विजापूरकरांच्या चाकरीत जातो आणि तिथं त्याला ‘मलिक’ हा किताब मिळतो. अरबीत म-ल-क या मुळापासून मलिक म्हणजे राजा, सरदार. मालिक म्हणजे धनी, म्हणजेच आपला मालक. आणि ममलूक म्हणजे मालकीत असलेला, गुलाम. आपला मुलूखही तिथलाच. एका मुळाच्या एका टोकाला चापूला उभं केलं होतं. दुसऱ्या टोकापर्यंत तो चालत आला. जुनं नाव त्यानं टाकलं नाही, नवा शब्द त्याच्या पुढं लावला.

1600मध्ये चांदबीबी मारली गेली, अहमदनगरचा किल्ला मोगलांच्या हाती गेला. राज्य संपलं असं आग्र्यात सगळ्यांना वाटलं. मलिक अंबरनं परांड्याला निजामशाही घराण्यातला एक वारस गादीवर बसवला, आपली मुलगी त्याला दिली आणि पुढची पंचवीस वर्षं त्या छत्राखाली स्वतः राज्य चालवलं.

इ.स. 1610 नंतर. खडकी

हातात पहार घ्या. तुम्ही खाम नदीकाठच्या खडकी गावाजवळ जमिनीखाली, वाकून उभं राहता येईल एवढ्या बोगद्यात आहात. वर खडक, पायाशी पाण्याची बारीक धार. मलिक अंबरनं 1610मध्ये या गावाचं शहर करायचं ठरवलं. गावाच्या नावातच खडक. पाणी कुठून येणार? त्यानं ते उत्तरेच्या डोंगरपायथ्याशी जमिनीखाली शोधलं आणि उतार साधत, उपसा न करता, शहरात आणलं. ठिकठिकाणी वर हवेची भोकं ठेवली, म्हणजे आत उतरून गाळ काढता येतो. शहरात खापरी नळांनी ते हौदांना वाटलं. संध्याकाळी पहार टेकून तुम्ही वर येता तेव्हा मुकादम कामाचं नाव सांगतो: नहर-ए-अंबरी. ज्याला दुसऱ्याच्या वस्तूंच्या यादीत घातलं होतं, त्याच्या नावाची वस्तू झाली.

वर मराठा सरदारांची घोडी पाणी पिताहेत. मालोजी भोसल्यांचं घराणं याच राज्यात वाढलं. 1624मध्ये भातवडीला मोगल आणि विजापूरकर एकत्र चालून येतील तेव्हा अंबर तळ्याचा बांध फोडून त्यांची वाट चिखलात रुतवील. त्या लढाईत शहाजीराजे असतील आणि त्यांचे भाऊ शरीफजी तिथंच पडतील. झटकन छापा घालून डोंगरात गडप व्हायची लढाई मराठ्यांनी अंबरच्या फौजेत राहून घासून घेतली.

इ.स. 1616च्या सुमारास. जहांगीरची चित्रशाळा

तुम्ही खलात रंग घोटताय. शेजारी अबुल हसन, बादशहाचा लाडका चितारी. कागदावर जहांगीर पृथ्वीच्या गोलावर उभा आहे, धनुष्य ताणलंय, आणि बाण भाल्यावर खोचलेल्या एका काळ्या मुंडक्यात घुसलाय. मुंडकं मलिक अंबरचं. चित्र आज डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे.

बाणाला गोंद लावता लावता हळूच विचारा, हे झालं कधी? कधीच नाही. जहांगीरनं अंबरला समोरासमोर पाहिलंही नाही. मोहिमांवर मोहिमा धाडून जे जमलं नाही, ते त्यानं रंगात करून घेतलं. आत्मचरित्रात तो अंबरचं नाव घेतो ते बहुधा शिवी जोडूनच, आणि शिवी त्याच्या काळ्या तोंडाला असते.

आता भिंतीपलीकडे बघा. बादशाही अत्तरखान्यात अंबर ठेवलाय. ‘ऐन-इ-अकबरी’तल्या सुगंधी द्रव्यांच्या यादीत तो मानानं आहे. बादशहाच्या अंगरख्याला जो अंबर चालतो, तोच शब्द दख्खनमधून आला की त्याला ठसका लागतो. सहा-सातशे वर्षांपूर्वी फुस्तातमध्ये मुतनब्बीनं केलं, त्याहून हे वेगळं नाही. फरक एवढाच, की काफूर लोकांच्या लक्षात राहिला तो मुख्यतः त्याच्या निंदकाच्या कवितेतून. अंबरला मात्र मोगलांच्याच इतिहासकारानं, मुतमदखानानं, त्याच्या मृत्यूनंतर युद्धात आणि कारभारात जोड नसलेला माणूस म्हणून दाद दिली.

सतराव्या शतकाचा मध्य. पुणे परगणा

शेवटचा मुक्काम घरचा आहे. तुम्ही कुलकर्णी आहात. मांडीवर दप्तर, बोरूला मोडीचं वळण. मलिक अंबर 1626मध्ये गेला. खुलताबादला त्याच्या हयातीतच बांधलेल्या कबरीत त्याला ठेवलं. दौलताबाद 1633मध्ये पडलं, 1636मध्ये निजामशाही बुडाली. पण समोर बसलेल्या पाटलाला त्याचं सोयरसुतक नाही. त्याला विचारायचंय, यंदा सारा कोणत्या हिशेबानं?

अंबरनं जमिनीची प्रत लावली होती. पिकाचा अंदाज घेऊन वाटा ठरवला, आणि तो रोकडीत बांधून दिला, म्हणजे रयतेला आपण काय देणं लागतो ते आधी कळे आणि मधला इजारदार ओरबाडू शकत नसे. लढाया आणि दुष्काळ यांनी ती घडी विस्कटली तेव्हा लोक तिची आठवण काढू लागले. तुम्ही बोरू बुडवता आणि एक शब्द लिहिता: मलिकंबरी.

बघा काय झालं. किताब आणि गुलामीचं नाव या दोहोंचा जोड गळून एकच मराठी विशेषण झालं. मलिकंबरी धारा, मलिकंबरी वहिवाट. पाटलाला अंबर म्हणजे समुद्रावरचं सुगंधी मेण हे ठाऊक नाही, त्याला त्याची गरजही नाही. त्याच्या लेखी या शब्दाचा अर्थ ‘ठरल्याप्रमाणे’.

इथं बोरू ठेवा आणि आपल्या काळात या. शाळेच्या इतिहासातली नावं आता पुन्हा वाचा. पन्हाळ्याला वेढा घालणारा सिद्दी जौहर, मुंबईला वेढणारा सिद्दी याकूत, जंजिऱ्याचे सिद्दी संबूल आणि सिद्दी अंबर, देवगिरीवर आलेला मलिक काफूर. रत्न, माणिक, जटामांसी, अंबर, कापूर. परीक्षेसाठी पाठ केलेली ही नावं मुळात अत्तराच्या आणि जवाहिराच्या पेटीतली होती, आणि ती परंपरा सुरू झाली तेव्हा पेटीची किल्ली दुसऱ्याच्या कमरेला होती.

खडकीचं 1626मध्ये फत्तेनगर झालं, 1653मध्ये औरंगाबाद, 2023मध्ये छत्रपती संभाजीनगर. शहर वसवणाऱ्याचं नाव शहराला कधीच नव्हतं; ते पाण्याला आणि शेतसाऱ्याला लागलं आणि तिथं टिकलं. नाव ठेवणाऱ्या मीर कासिमची ओळख आज अंबरचा धनी एवढीच उरली आहे. खुलताबादला औरंगजेबाची कबर पाहायला जाल तेव्हा मलिक अंबरच्या घुमटापाशीही थांबा, आणि त्याला त्याच्या आईनं हाक मारली असेल त्या नावानं एकदा हाक मारा: चापू.